पाच धातूंची एक शीर

१८९९ च्या सुमारास पॅरिसमधील एका गळक्या छपराच्या शेडसमोर पोती येऊन पडली. पोत्यांत तपकिरी भुकटी होती आणि तिच्यात पाइनच्या वाळलेल्या सुया मिसळलेल्या होत्या. बोहेमियातील योआखिम्सटाल या गावी पिचब्लेंड नावाच्या काळ्या, जड खनिजातून युरेनियम काढून घेत आणि उरलेला गाळ जवळच्या पाइनच्या जंगलात टाकून देत. तोच हा गाळ. ऑस्ट्रियाच्या सरकारने तो मारी आणि पिएर क्यूरी यांना देऊ केला होता. त्यातून १९०२ मध्ये मारी क्यूरींनी एक दशांश ग्रॅम रेडियम क्लोराइड वेगळे केले.

ही कथा आपल्या परिचयाची आहे. तिच्या आधीची कथा मात्र सहसा सांगितली जात नाही. ज्या शिरांतून हा गाळ आला, त्यांतला माल टाकून देण्याची ही पहिलीच वेळ नव्हती. त्याच शिरांतून चार शतके माणसे काहीतरी घेत होती आणि उरलेले फेकत होती. आणि प्रत्येक वेळी फेकलेल्यातच पुढच्या काळाची संपत्ती निघत होती. हे पाच धातू, म्हणजे चांदी, बिस्मथ, कोबाल्ट, निकेल आणि युरेनियम, एकाच ठिकाणी का यावेत, या प्रश्नाचे उत्तर शोधण्यातून धातुकांच्या विज्ञानाचा मोठा भाग घडला. त्या उत्तराची किंमत कोणी मोजली, हाही या इतिहासाचा भाग आहे.

जर्मनीतील सॅक्सनी आणि आजचे चेक प्रजासत्ताक यांच्या सीमेवर एक डोंगररांग आहे. जर्मन भाषेत तिला एर्त्सगेबिर्गे म्हणतात. ‘एर्त्स’ म्हणजे धातुक, ज्यातून धातू काढतात तो कच्चा दगड. नावच धातुकांचा डोंगर. तिथले मूळ खडक प्रामुख्याने नाइस आणि शिस्ट. त्यांच्यात सुमारे तीस-बत्तीस कोटी वर्षांपूर्वी ग्रॅनाइटचा तप्त रस घुसला आणि थिजला. पुढे या कठीण खडकांना पुन्हा पुन्हा भेगा पडल्या आणि त्या भेगा खनिजांनी भरत गेल्या. अशी भरलेली भेग म्हणजे शीर. ती कधी बोटभर रुंद असते, कधी हातभर. खाली मात्र शेकडो मीटर जाते. आडवी कापून पाहिली, तर दोन्ही कडांपासून मध्याकडे गारगोटी, कॅल्साइट, धातुके असे थर एकावर एक चढलेले दिसतात.

खाणवाल्यांनी या भेगेला शरीरातले नाव दिले. लॅटिनमधला ‘वेना’ आणि आपला ‘शीर’ हे दोन्ही शब्द रक्तवाहिनीचे. त्या नावात एक तर्क दडलेला होता, की इथून कधीकाळी काहीतरी वाहत होते. विद्वानांना हे पटवून घ्यायला तीनशे वर्षांहून अधिक काळ लागला.

पंधराव्या शतकाच्या अखेरीस श्नेबेर्ग आणि अॅनाबेर्ग येथे चांदीच्या शिरा सापडल्या. १५१६ मध्ये डोंगराच्या दक्षिण उतारावर योआखिम्सटाल वसले आणि दोन दशकांच्या आत तिथली वस्ती अठरा हजारांच्या घरात गेली. तिथले जहागीरदार श्लिक घराणे स्वतःची नाणी पाडू लागले. त्या जड नाण्याला लोक योआखिम्सटालर म्हणत, पुढे नुसतेच टालर. आजच्या ‘डॉलर’ची व्युत्पत्ती याच शब्दापाशी जाऊन थांबते.

१५२७ मध्ये या गावात नगरवैद्य म्हणून गेओर्ग बाउअर आला. लॅटिन लेखनात तो स्वतःला अॅग्रिकोला म्हणवी. रोग्यांपाशी बसता बसता त्याने खाणीही पाहिल्या, खाणकऱ्यांशी बोलला आणि त्यांचे शब्द टिपून ठेवले. शिरांची दिशा ते होकायंत्रावरच्या तासांनी सांगत. पूर्व-पश्चिम जाणाऱ्या त्या ‘सकाळच्या’ शिरा, उत्तर-दक्षिण जाणाऱ्या ‘मध्यरात्रीच्या’. योआखिम्सटालची चांदी मुख्यतः मध्यरात्रीच्या शिरांत होती. जिथे एक शीर दुसरीला छेदते तिथे माल वाढतो, हेही त्यांना ठाऊक होते. बिस्मथला ते ‘चांदीचे छप्पर’ म्हणत, कारण ते दिसले की खाली चांदी असण्याची आशा धरता येई. अमुक खनिजाच्या सोबतीला तमुक खनिज येते, हे ज्ञान विद्यापीठात पोचण्यापूर्वी खाणीत रुळले होते.

१५४६ च्या आपल्या ग्रंथात अॅग्रिकोलाने मत मांडले की भेगा खडकानंतर पडल्या आणि त्यांत फिरणाऱ्या पाण्यातून, खनिजांच्या ‘रसां’तून, शिरा भरल्या. ग्रहांच्या प्रभावाने धातू पिकतात असे मानण्याच्या त्या काळात हे विधान धीट होते. त्याचा मोठा ग्रंथ ‘दे रे मेतालिका’ त्याच्या मृत्यूनंतर १५५६ मध्ये छापला गेला. त्यात पंप आहेत, रहाट आहेत, भट्ट्या आहेत. आणि वैद्याच्या नजरेने पाहिलेली माणसेही आहेत. ओल्या हातापायांना खाऊन टाकणारे एक खनिज तो नोंदवतो. कार्पेथियन डोंगरातल्या खाणींत एकामागून एक सात नवरे क्षयासारख्या रोगाने गमावलेल्या बायका असल्याचे तो लिहितो.

ते हातपाय खाणारे खनिज बहुधा कोबाल्ट आणि आर्सेनिकचे असावे. चांदीसारखे चकाकणारे हे दगड भट्टीत घातले की चांदी निघत नसे, उलट विषारी धूर निघे. खाणकरी म्हणत, ही ‘कोबोल्ड’ नावाच्या भुताची करणी. तांब्यासारखा लालसर दिसणारा पण तांबे न देणारा दुसरा दगड होता, त्याला ते ‘कुप्फरनिकेल’ म्हणत. निकेल हाही खोड्या काढणारा पिशाच्चच. असे दगड ढिगाऱ्यावर जात. पण कोबोल्डचा दगड भाजून वाळूबरोबर वितळवला, तर गर्द निळी काच होते, हे सोळाव्या शतकात या भागात उमगले. अमेरिकेतून येणाऱ्या चांदीपुढे इथल्या खाणी मंदावल्या असताना निळ्या रंगाचे कारखाने उभे राहिले. १७३५ च्या सुमारास स्वीडनमधल्या ब्रांटने भुताच्या दगडातला नवा धातू ओळखला. १७५१ मध्ये क्रोनस्टेटने निकेल. भुतांची नावे मूलद्रव्यांना चिकटली ती कायमची.

दरम्यान, १७६५ मध्ये डोंगराच्या उत्तरेस फ्रायबेर्ग येथे खाणविद्येची अकादमी स्थापन झाली. तिथे १७७५ पासून अब्राहम गोट्लोब वेर्नर शिकवू लागला. १७९१ मध्ये त्याने शिरांच्या उत्पत्तीवर पुस्तक लिहिले. छेदणारी शीर ही छेदली गेलेल्या शिरेपेक्षा वयाने लहान, हा नियम त्याने पद्धतशीरपणे वापरला आणि शिरांच्या पिढ्या लावल्या. पण भरणा कुठून झाला, या प्रश्नावर तो घसरला. त्याच्या मते सारी पृथ्वी एकेकाळी समुद्राखाली होती आणि शिरा त्या समुद्राच्या पाण्याने वरून भरल्या. स्कॉटलंडचा जेम्स हटन नेमके उलटे म्हणत होता, की सगळे वितळलेल्या स्थितीत खालून घुसले. एकाला नुसते पाणी दिसले, दुसऱ्याला नुसती आग.

एकोणिसाव्या शतकात वाद पुढे सरकला. १८४७ मध्ये फ्रान्सच्या एली द बोमाँने गरम झऱ्यांकडे आणि ज्वालामुखींकडे बोट दाखवले. जर्मनीच्या झांडबेर्गरने आजूबाजूच्या खडकांतील अभ्रक तपासले. त्यांत धातूंचे अंश सापडल्यावर त्याने म्हटले की धातू बाजूच्या खडकातूनच पाझरून शिरेत आले. बोहेमियातील प्रिब्राम येथे शिकवणाऱ्या पोशेप्नीने १८९३ मध्ये खोलवरून वर चढणाऱ्या पाण्याची बाजू मांडली. फ्रायबेर्गमध्ये शिकलेला स्वीडिश वाल्डेमार लिंडग्रेन अमेरिकेत गेला आणि १९१३ च्या आपल्या ग्रंथात त्याने धातुकसाठ्यांची मांडणी ते बनताना असलेले तापमान आणि खोली यांवरून केली.

निर्णायक साक्ष शिरेतच होती, पण फार लहान. खनिजाचा स्फटिक वाढताना भोवतालच्या पाण्याचा थेंब कधी कधी त्यात अडकतो. थंड झाल्यावर तो आकसतो आणि एक बुडबुडा तयार होतो. १८५८ मध्ये इंग्लंडच्या हेन्री सॉर्बीने दाखवले, की स्फटिक हळूहळू तापवला तर ज्या तापमानाला बुडबुडा नाहीसा होतो, त्यावरून स्फटिक बनतानाच्या उष्णतेचा अंदाज बांधता येतो. पुढे अशा थेंबांची तपासणी वाढली, तेव्हा अनेक शिरांतले हे पाणी गरम आणि समुद्रापेक्षा कितीतरी पटींनी खारट निघाले. १९६० च्या दशकारंभी कॅलिफोर्नियातील सॉल्टन सी या सरोवराजवळ भूगर्भातील वाफेसाठी विहीर खोदली, तेव्हा तीनशे अंश सेल्सिअसहून गरम खारे पाणी वर आले. तीन महिन्यांत नळांच्या आत काही टन खपली धरली. तिच्यात सुमारे २० टक्के तांबे होते आणि चांदीही. शीर भरण्याची क्रिया माणसाने लोखंडी नळात घडताना पाहिली.

यातले रसायन सोपे करून सांगता येईल. चांदी साध्या पाण्यात जवळजवळ विरघळत नाही. पण मिठातला क्लोराइड तिला कवेत घेतो, आणि उष्ण खाऱ्या पाण्यात ती वाहू शकते. धातू खडकातूनही उचलले जातात आणि काही ठिकाणी थिजणाऱ्या ग्रॅनाइटातूनही येतात; म्हणजे झांडबेर्गर आणि पोशेप्नी दोघेही अंशतः बरोबर होते. विरघळलेले खाली बसायला मात्र काहीतरी बिघडावे लागते. पाणी निवते, उकळते, दुसऱ्या पाण्यात मिसळते किंवा वेगळ्या खडकाला भिडते. शिरा एकमेकींना छेदतात तिथे दोन पाणी भेटण्याची वाट असते, म्हणून तिथे माल जास्त. खाणकऱ्यांचा अनुभव असा खरा ठरला.

पाच धातूंच्या शिरांत चांदी शुद्ध स्वरूपात, झाडाच्या फांद्यांसारखी वाढलेली आढळते आणि तिच्या भोवती निकेल-कोबाल्ट-आर्सेनिकचे वेष्टन असते. असे होण्यासाठी ऑक्सिडीकरणाच्या उलट क्रिया, म्हणजे क्षपण, एकाएकी आणि जोराने व्हावी लागते. मार्कल, बुरिश आणि नॉयमान यांनी २०१६ मध्ये मांडलेल्या मतानुसार हे काम मिथेन वायूने केले. खोलातून आलेले धातुयुक्त खारे पाणी आणि मिथेन भेगेत एकत्र आले, आणि धातू झपाट्याने बाहेर पडले. युरेनियमचे पिचब्लेंड योआखिम्सटालच्या शिरांत त्याआधीच्या टप्प्यात बसले; पण तेही क्षपणानेच. एकच भेग वेगवेगळ्या काळी उघडली, आणि प्रत्येक पाण्याने आपापला थर मागे ठेवला.

पिचब्लेंड हा तिथल्या खाणकऱ्यांना जुनाच परिचित. ‘पेख’ म्हणजे डांबर, आणि दुर्दैवही. १७८९ मध्ये क्लाप्रोटने योहानगेओर्गेनश्टाटच्या खाणीतल्या पिचब्लेंडमध्ये नवे मूलद्रव्य ओळखले आणि नुकत्याच सापडलेल्या युरेनस ग्रहावरून त्याला नाव दिले. शंभर वर्षे त्याचा मुख्य उपयोग काचेला पिवळी-हिरवी झाक देणे एवढाच होता. त्यातूनच तो पाइनच्या जंगलातला गाळ साचला.

आणि अॅग्रिकोलाने पाहिलेला तो रोग? १८७९ मध्ये हेर्टिंग आणि हेस्से या दोन डॉक्टरांनी श्नेबेर्गच्या खाणकामगारांची शवविच्छेदने करून सांगितले की हा क्षय नव्हे, फुप्फुसातली घातक गाठ आहे. कारण त्यांना सापडले नाही. १९०० च्या सुमारास रेडॉन वायूचा शोध लागला. युरेनियमच्या विघटनातून तो सतत जन्मतो आणि भेगांतून खाणीच्या हवेत येतो. त्याचा आणि या रोगाचा संबंध विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत स्पष्ट होत गेला. चांदीसाठी उतरलेल्या माणसाच्या छातीत युरेनियम उतरत होते, आणि त्याचे नाव तेव्हा कोणालाच माहीत नव्हते.

कारण कळल्यावर खाणी थांबल्या असत्या, असे वाटेल. घडले उलटे. दुसऱ्या महायुद्धानंतर सोव्हिएत संघाला अणुबाँबसाठी युरेनियम हवे होते. सॅक्सनीत उभ्या केलेल्या कंपनीचे नाव ठेवले ‘विस्मूट’, म्हणजे बिस्मथ. पाच धातूंतल्या एकाच्या नावाने दुसरा झाकला गेला. १९९० पर्यंत तिने सॅक्सनी आणि शेजारच्या थुरिंगियातून सुमारे २,३१,००० टन युरेनियम काढले. सीमेपलीकडे, आता याखिमोव्ह झालेल्या योआखिम्सटालमध्ये, १९४९ ते १९६१ या काळात राजकीय कैद्यांना खाणीत राबवले गेले. पुढे विस्मूटच्या सुमारे ५९ हजार कामगारांच्या नोंदी तपासल्या गेल्या. रेडॉनचा माणसाला किती धोका, याविषयी आज जगाला जे ठाऊक आहे, त्याचा मोठा आधार ही माणसे आहेत. विज्ञानाला त्यांची आकडेवारी मिळाली. त्यांना वेळेवर हवा खेळवणारे पंखे मिळाले नाहीत.

२०१९ मध्ये युनेस्कोने या डोंगररांगेचा खाणप्रदेश जागतिक वारसा म्हणून जाहीर केला. बहुतेक खाणी आता बंद आहेत. याखिमोव्हची स्वोर्नोस्त ही सोळाव्या शतकातली खाण मात्र चालू आहे. १८६४ मध्ये तिथे चांदी शोधताना सुमारे पाचशे मीटर खोलीवर भेगेतून पाण्याचा लोंढा आला होता. ते कोमट, रेडॉनयुक्त पाणी आज वर खेचून गावातल्या स्नानगृहांत सोडतात आणि सांधेदुखीचे रोगी डॉक्टरांनी ठरवलेल्या मोजक्या मिनिटांसाठी त्यात बसतात. ज्या पाण्याने चांदी आणली ते कोट्यवधी वर्षांपूर्वीच आटले. पण भेग अजून वाहती आहे. फक्त तिच्यातून आलेले किती घ्यायचे, हे आता घड्याळ लावून ठरवतात.