तकाकीचा माग

तेरियाकी या शब्दात सॉस कुठेच नाही. 'तेरी' म्हणजे तकाकी, 'याकी' म्हणजे विस्तवावर भाजलेलं. भाजता भाजता वरून रस लावत जायचा आणि पदार्थाला चमक आणायची, एवढंच तो शब्द सांगतो. जपानी घरात तेरियाकी म्हटलं की आजही बहुधा बुरी माशाच्या तुकड्या ताटात येतात, बाहेरून गडद आणि झळाळत्या. बाकीच्या जगात मात्र तेरियाकी म्हणजे बाटली, आणि विचारतात ते असं: हॉटेलसारखा तेरियाकी सॉस घरी कसा करायचा?

हा प्रश्न मलाही पडला होता आणि बरीच वर्षं मी तो चुकीच्या टोकाकडून सोडवत होते. सॉसचे घटक मोजत बसले, चव जुळली, तकाकी काही येईना. मग लक्षात आलं की माग काढायचा तो तकाकीचाच. प्रत्येक काळात ती वेगळ्या वस्तूतून आली आहे.

(तेरी ऐकताच आपल्याला मिसळीवरची तर्री आठवते. नातं काही नाही. तर्री तेलाची, तेरी साखरेची. पण घास तोंडात जाण्याआधी डोळ्यांनी चव घ्यायची, ही रीत दोन्हीकडची.)

आधी काळा रंग आणि खारेपणा, म्हणजे सोया सॉस. त्याचं मूळ गाव म्हणून वाकायामातलं युआसा दाखवतात. परंपरा सांगते की काकुशिन नावाचा बौद्ध भिक्षू १२५४ साली चीनहून परतला, तो तिथल्या मठात मिसो करण्याची एक रीत शिकून. सोयाबीन, धान्य आणि भाज्या मिठात मुरवलेल्या त्या मिसोच्या पिंपात काळसर पाणी सुटायचं. ते कुणीतरी चाखलं. लोणच्याच्या बरणीतला खार ज्यानं बोटानं चाटला आहे, त्याला हा शोध समजावून सांगावा लागणार नाही.

युआसाच्या शेजारच्याच किनाऱ्यावरचा हामागुची गिहेई पूर्वेला चोशी बंदरात गेला आणि १६४५ साली तिथे त्यानं सोया सॉसचा धंदा मांडला. तीच आजची यामासा कंपनी. चोशीहून आत, एदो नदीकाठच्या नोदा गावात ताकानाशी आणि मोगी घराण्यांनी भट्ट्या घातल्या. त्यांच्यासह आठ घरांनी १९१७ मध्ये एकत्र येऊन जी कंपनी काढली, तिचं पुढचं नाव किक्कोमान. पूर्वेकडच्या या सॉसमध्ये शिजवलेल्या सोयाबीनच्या जवळजवळ बरोबरीनं भाजून भरडलेला गहू असतो. त्यावर कोजी नावाची बुरशी वाढवतात आणि सगळं मिठाच्या पाण्यात महिनोन्‌महिने ठेवतात. गव्हामुळे सुवास येतो आणि किंचित गोडवाही. पिंपं होडीत घालायची आणि नदीनं एदो शहरात, म्हणजे आजच्या तोक्योत, उतरवायची. अठराव्या शतकात दहा लाखांच्या घरात वस्ती असलेलं ते शहर या गडद सॉसवर वाढलं.

हा रस फार लवकर समुद्रापार गेला. नागासाकीजवळच्या देजिमा बेटावर डच व्यापाऱ्यांची वखार होती. १७७५-७६ मध्ये तिथे राहिलेला स्वीडिश वैद्य कार्ल पीटर थुनबर्ग लिहून ठेवतो की जपानचा सोया सॉस बटाव्हियाला (आजच्या जाकार्ताला), भारतात आणि युरोपात जातो. म्हणजे पेशवाईच्या काळातच हा सॉस आपल्या किनाऱ्यांना लागला होता. तकाकी मात्र बाटलीत भरून गेली नाही. ती पुढं शंभरेक वर्षांनी गेली, माणसांबरोबर.

तकाकीची खरी आई मिरिन, म्हणजे तांदळाची गोड दारू. नदीनं नोदाहून थोडं खाली आलं की नागारेयामा गाव लागतं. तिथे १८१४ पासून मानजो नावाची फिकट, स्वच्छ मिरिन होऊ लागली. दोन गावं, एकच नदी: वरच्या गावाहून खारट काळा रस, खालच्या गावाहून गोड सोनेरी. एदोच्या स्वयंपाक्यांना या दोन्ही गोष्टी एकाच घाटावर मिळत होत्या. तेरियाकीचा जन्म कुठल्या एका माणसाच्या नावावर नाही, पण या घाटाच्या नावावर तो लावावा असं मला वाटतं.

मिरिन करायची रीत सुंदर आहे. चिकट तांदूळ वाफवायचा, त्यात तांदळावरची कोजी मिसळायची, आणि वर पाण्याऐवजी शोचू ही कडक दारू ओतायची. कोजी तांदळातल्या पिठाची साखर करत राहते. एरवी त्या साखरेची दारू झाली असती, पण आधीच इतकी दारू आहे की यीस्टचं काही चालत नाही. साखर तशीच साठते. दीड-दोन महिन्यांनी गाळलं की चौदा टक्क्यांच्या आसपास मद्य आणि शेकडा चाळीसहून अधिक साखर असलेला दाटसर रस मिळतो. ही साखर एका प्रकारची नसते. ग्लुकोज असतं, त्याच्या लहान-मोठ्या साखळ्या असतात. नुसती साखर आटवली तर पाक खडखडीत होतो, पुन्हा दाणे धरतो. मिरिन आटवली तर लवचीक, पातळ काचेसारखा थर बसतो. तकाकी म्हणतात ती हीच. सुरुवातीला लोक मिरिन गोड दारू म्हणून पीत. तिला चुलीपाशी आणलं ते एदोच्या सोबा नूडल्सवाल्यांनी आणि ईलवाल्यांनी.

ईल मासा म्हणजे आपल्याकडची वाम. एदोत ती चिरून, काड्यांना टोचून, कोळशावर भाजत आणि पुन्हा पुन्हा रसाच्या मडक्यात बुडवत. या भाजण्याला कबायाकी म्हणतात, आणि माझ्या मते तेरियाकीची ही थोरली बहीण. त्या रसाला जपानीत 'तारे' म्हणतात. आकाशातल्या ताऱ्यांशी त्याचा संबंध नाही. जुन्या ईल-दुकानांतलं मडकं कधी रिकामं होत नाही. उरलेल्यात ताजा रस घालत जातात, आपण कालच्या विरजणावर आजचं दही लावतो तसं. प्रत्येक बुडीत माशाची चरबी रसात उतरते, तो रस पुढच्या माशाला लागतो. 'हॉटेलसारखी' चव म्हणतात तिचं मूळ मला इथं दिसतं. भांडं एकच, आणि त्यात कालच्या माशांचा अंश.

८ फेब्रुवारी १८८५ रोजी 'सिटी ऑफ टोकियो' हे जहाज होनोलुलूला लागलं. त्यातून नऊशेहून अधिक जपानी माणसं हवाईच्या उसाच्या मळ्यांत करारानं मजुरी करायला उतरली. मागून हजारो आली. नागारेयामाची मिरिन तिथून दूर, आणि हाताशी काय, तर ज्या उसासाठी कंबर मोडायची त्याचीच साखर. या कुटुंबांच्या चुलीवर तेरियाकी बदलली. तांबूस साखर आली, आलं आणि लसूण आले, अननसाचा रस आला. माशाच्या जागी कोंबडी आणि गोमांस आलं. सगळ्यात मोठा बदल पाहताना दिसत नाही: मांस रसात आधी मुरवू लागले. एदोत रस शेवटी लागायचा, हवाईत तो सुरुवातीला आला. आलं-लसणाशिवाय तेरियाकी होतच नाही असं ज्यांना वाटतं, ते नकळत या मळ्यांतली चव मागत असतात. ती चव मला कमअस्सल वाटत नाही. कष्टकऱ्यांनी हाताशी असलेल्या जिनसांतून घराची आठवण उभी केली, त्याला भेसळ कसं म्हणायचं?

किक्कोमाननं १९५७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत आपली अमेरिकी कंपनी उघडली आणि १९६१ मध्ये तिथल्या बाजारात 'तेरियाकी सॉस' नावाची बाटली आणली. भाजण्याच्या रीतीचं नाव एका वस्तूला मिळालं, ते इथं.

ज्या 'हॉटेल'ची नक्कल घराघरांत करायची असते ते हॉटेल मात्र बऱ्याच अंशी सिएटलचं आहे. तोशिहिरो कासाहारा हा आशिकागा गावचा तरुण शिकायला अमेरिकेत आला होता. २ मार्च १९७६ रोजी त्यानं सिएटलच्या रॉय स्ट्रीटवर 'तोशीज तेरियाकी' हे छोटं दुकान उघडलं. मोजकेच पदार्थ. सोया सॉसमध्ये मुरवून जाळीवर भाजलेली कोंबडी, भात आणि बाजूला कोशिंबीर. पोटभर आणि स्वस्त. गोडवा आणि दाटपणा मिरिनऐवजी साखरेचा. पुढं अशी दुकानं शहरभर झाली. त्यांतली पुष्कळ कोरियातून आलेल्या कुटुंबांनी चालवली आणि त्यांनी आपल्या सवयीचं आलं, लसूण, तीळ त्यात आणलं. गर्दीच्या वेळी रस आटवत उभं राहायला फुरसत कुणाला? कॉर्नफ्लॉवर कालवून घातलं की मिनिटात दाट. मिरिनची तकाकी साखरेकडे गेली होती, साखरेची आता पिठाकडे आली.

आपल्याला हा दाट सॉस इतका ओळखीचा का वाटतो, याचं उत्तर जवळच आहे. त्याच सुमारास, १९७५ मध्ये, मुंबईच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात नेल्सन वांग यांनी चिकन मांचुरियन केलं. सोया सॉस आणि कॉर्नफ्लॉवर ही जोडी मराठी घरांत आली ती मुंबईच्या या चायनीजमधून. म्हणून तेरियाकी करायला घेतली की हात आपसूक कॉर्नफ्लॉवरच्या डब्याकडे जातो.

जपानमध्ये हे नाव फिरून परत आलं तेही नव्या वेषात. मोस बर्गर या तिथल्या दुकानांच्या साखळीनं १९७३ मध्ये तेरियाकी बर्गर काढला, वर मेयोनीझ घालून. तो तिथल्या मुलांचा लाडका झाला.

आता घरच्या कढईकडे. कॉर्नफ्लॉवरची चमक आणि आटवलेल्या रसाची चमक शेजारी शेजारी ठेवून पाहावी. पिठाचा सॉस गार झाला की थिजतो, दुसऱ्या दिवशी पाणी सोडतो, आणि मांसावर रजईसारखा पडून राहतो. आटलेला रस मांसाला चिकटतो. हॉटेलला वेळ नव्हता म्हणून पीठ आलं. घरी चार माणसांसाठी करताना ते कारणच उरत नाही. सात-आठ मिनिटांचा तर प्रश्न.

सोया सॉस, मिरिन आणि साके (तांदळाची साधी दारू) चार-चार मोठे चमचे, साखर एक ते दीड चमचा. यापलीकडे काही नाही. सोया सॉसच्या बाटलीवरचं लेबल मात्र वाचा: सोयाबीन, गहू, मीठ, पाणी एवढंच असलेला घ्या. चायनीजसाठी आपण वापरतो त्या डार्क सॉसमध्ये बहुधा कॅरॅमलचा रंग असतो. त्यानं काळेपणा येतो, सुवास येत नाही. खरी मिरिन नाही मिळाली तर तीन भाग साकेला एक भाग साखर घ्या. तकाकी थोडी कमी पडेल, पण पडू द्या.

मासा म्हणाल तर बुरीसाठी अडून बसू नये. जपानमध्ये सावारा नावाचा मासा आवडीनं भाजून खातात, आणि तो आपल्या सुरमईच्याच कुळातला आहे. सुरमईच्या जाड तुकड्यांना मीठ लावून पंधरा मिनिटं ठेवा, सुटलेलं पाणी टिपून घ्या, कोरड्या मैद्याचा अगदी पुसट हात फिरवा. थोड्या तेलावर दोन्ही बाजू खरपूस करून तुकड्या बाजूला काढा. मग तव्यातलं सगळं तेल कागदानं पुसून घ्या. ही पायरी मी वर्षानुवर्षं गाळत आले आणि तकाकी येत नव्हती ती यामुळेच. तेलावर रस पसरतो, धरत नाही.

आता रस ओता आणि आच मध्यम ठेवा. सुरुवातीचे बुडबुडे बारीक, फेसाळ असतात. साकेचा उग्र वास वर येतो आणि जातो. मग बुडबुडे मोठे होऊ लागतात, सावकाश फुटतात, त्यांचा आवाज जड होतो. गुळाचा पाक करणाऱ्या बाईला हा आवाज ठाऊक असतो. एकतारी व्हायच्या जरा आधीच तुकड्या परत तव्यात सोडा, कारण गार होताना रस आणखी दाटतो. तवा तिरका धरून चमच्यानं रस वर घालत राहा, उलटा, पुन्हा घाला. रस कमी होत जाईल आणि मासा गडद होत जाईल. तव्यात जेमतेम चमचाभर रस उरतो तेव्हा खिडकीतला उजेड माशाच्या पाठीवर स्वच्छ दिसतो. लगेच गरम भातावर काढा आणि शेजारी कच्च्या मुळ्याचा कीस ठेवा, पाणी पिळून.