हँडेलचे दान

संगीतकाराचा वारसा म्हटला की आपण त्याच्या रचना मोजतो. जॉर्ज फ्रेडरिक हँडेलच्या बाबतीत त्या रचना कुणाच्या कामी आल्या, हेही पाहिले पाहिजे.

बरोक काळातला हा संगीतकार 1685 साली जर्मनीतील हाले गावी जन्मला. वडील शस्त्रवैद्य, मुलाने कायदा शिकावा ही त्यांची इच्छा. मुलगा मात्र हँबुर्ग आणि इटलीत संगीतात रमला, 1710 मध्ये लंडनला पोचला आणि 1727 मध्ये ब्रिटिश नागरिक झाला. इटालियन ऑपेरांनी त्याला नाव दिले. पुढे त्यांची आवड ओसरली. 1737 मध्ये उजव्या हाताला पक्षाघात झाला. त्यातून सावरून 1741 मध्ये त्याने ‘मसाया’ हा ऑरेटोरिओ, म्हणजे अभिनय-वेशभूषेविना गायली जाणारी धर्मरचना, 24 दिवसांत लिहिला.

13 एप्रिल 1742 रोजी डब्लिनमध्ये तो प्रथम सादर झाला. जास्त माणसे मावावीत म्हणून स्त्रियांनी झगे फुगवणाऱ्या कड्या आणि पुरुषांनी तलवारी घरी ठेवाव्यात, अशी विनंती आधीच केली होती. उत्पन्न दोन रुग्णालयांना आणि कर्जापायी तुरुंगात पडलेल्यांना गेले; 142 कैदी सुटले. 1750 पासून लंडनच्या फाउंडलिंग हॉस्पिटलमधील टाकून दिलेल्या मुलांसाठी ‘मसाया’ दरवर्षी होऊ लागला. पुढे हँडेलची दृष्टी गेली. 1759 मध्ये तो वारला, तेव्हा मृत्युपत्राने ‘मसाया’ची प्रत याच संस्थेला दिलेली होती.

हे खरे, आणि गुलामांचा व्यापार करणाऱ्या रॉयल आफ्रिकन कंपनीचे शेअर हँडेलने बाळगले होते, हेही खरे. आम्हा जैनांत औषधदान आणि अभयदान थोर मानतात. पण पंडित आशाधरांनी ‘सागारधर्मामृता’त गृहस्थाचे गुण सांगताना न्यायाने मिळवलेले धन आधी ठेवले आहे. या कसोटीवर हँडेल पूर्ण उतरत नाही. म्हणून त्या कैद्यांची सुटका खोटी ठरत नाही; आणि त्या सुटकेने शेअरही पुसले जात नाहीत.

आपल्या वाचनालयांत, धर्मशाळांत देणगीदारांच्या पाट्या आहेत. आपल्या संस्थांचा इतिहास लिहाल, तेव्हा पाटीवरच्या नावाबरोबर तो पैसा कुठून आला, तेही शोधून लिहा. देणाऱ्याबद्दल कृतज्ञ राहूनही ते लिहिता येते.