गोल्ट्झ पाशा : पूना डिव्हिजनला कूतमध्ये कोंडणारा जर्मन सेनापती

पहिले महायुद्ध शिकवताना भवानी पेठेतल्या एका विद्यार्थ्याने आम्हाला विचारले, "सर, फौज तुर्कांची होती, मग सेनापती जर्मन कसा?" प्रश्न साधा आहे, पण त्याचे उत्तर थेट आपल्या महाराष्ट्रापर्यंत येऊन पोहोचते.

कोण होते गोल्ट्झ?

कोल्मार फॉन डेर गोल्ट्झ यांचा जन्म 1843 साली पूर्व प्रशियात झाला. 1866 च्या ऑस्ट्रियाविरुद्धच्या युद्धात ते जखमी झाले. 1870-71 च्या फ्रान्सविरुद्धच्या युद्धातही त्यांनी भाग घेतला. लढाई फक्त फौज लढत नाही, सगळे राष्ट्र लढते, हा विचार मांडणारे त्यांचे पुस्तक 1883 मध्ये गाजले.

त्याच वर्षी ते इस्तंबूलला गेले आणि 1895 पर्यंत, म्हणजे तब्बल 12 वर्षे, उस्मानी फौजेला नव्या पद्धतीचे शिक्षण देत राहिले. 1897 मध्ये तुर्कांनी ग्रीसचा पराभव केला, त्याचे बरेच श्रेय या तालमीला दिले जाते. 'पाशा' हा किताब त्यांना तिथेच मिळाला.

बेल्जियम ते बगदाद

1914 मध्ये महायुद्ध पेटले तेव्हा गोल्ट्झ 71 वर्षांचे होते, निवृत्त होते. तरी त्यांना परत बोलावून जिंकलेल्या बेल्जियमचे लष्करी गव्हर्नर नेमले गेले. तिथला त्यांचा कारभार कठोर होता आणि तो डाग त्यांच्या नावावर कायम राहिला. वर्षअखेरीस ते पुन्हा इस्तंबूलला आले. ऑक्टोबर 1915 मध्ये इराकमधल्या सहाव्या उस्मानी फौजेची सूत्रे त्यांच्याकडे देण्यात आली.

समोर होती ब्रिटिश हिंदुस्थानी फौजेची सहावी डिव्हिजन, तिचे नावच 'पूना डिव्हिजन'. तिच्यात 103, 110 आणि 117 क्रमांकाच्या मराठा पलटणी होत्या. या मराठा पलटणींत मराठ्यांबरोबर दख्खनी मुसलमानांचीही भरती होत असे. म्हणजे आपल्याच भागातले लोक!

नोव्हेंबर 1914 मध्ये उस्मानी खलिफांनी जिहादचा पुकारा केला होता. पण वर्षभराने बगदादजवळ सलमान पाक इथे, जिथे हजरत सलमान फारसी (रजि.) यांची मजार आहे, दोन्ही बाजूंना मुसलमान शिपाई होते. तुर्कांचा सर्वोच्च सेनापती ख्रिस्ती आणि इंग्रजांचे अनेक शिपाई मुसलमान, असे हे युद्ध होते. त्याला धर्मयुद्ध म्हणणे म्हणजे राजकारणाला धर्माचे कपडे घालणे होय.

कूतचा वेढा

सलमान पाकला ब्रिटिश फौज थांबली आणि जनरल टाउनशेंड तिला घेऊन दजला नदीच्या वळणावरच्या कूत गावात मागे आले. 7 डिसेंबर 1915 ला वेढा पूर्ण झाला. सुरुवातीला तुर्कांनी थेट हल्ले केले, त्यात त्यांचीच माणसे पडली. गोल्ट्झ यांचे मत वेगळे होते : हल्ला नको, नाकेबंदी करा. नदीच्या खालच्या बाजूला मोर्चे बांधून मदतीची वाट अडवा, बाकीचे काम भूक करील.

झालेही तसेच. कूत सोडवायला निघालेल्या ब्रिटिश फौजेचे सुमारे 23,000 लोक मृत किंवा जखमी झाले, पण वेढा फुटला नाही. आत धान्य संपत आले. घोड्याचे मांस खायला अनेक हिंदू आणि मुसलमान शिपायांनी बराच काळ नकार दिला. त्यासाठी हिंदुस्थानातून धर्मगुरूंची परवानगी मागवावी लागली. भाजीपाला नसल्याने शिपाई आजारी पडत गेले.

आपला विजय पाहायला मात्र गोल्ट्झ उरले नाहीत. 19 एप्रिल 1916 ला बगदादमध्ये टायफसच्या तापाने त्यांचा मृत्यू झाला. दहाच दिवसांनी, 29 एप्रिलला, सुमारे 13,000 सैनिकांनी खलील पाशांपुढे शरणागती पत्करली. टाउनशेंड यांना इस्तंबूलजवळच्या बेटावर आरामात ठेवले गेले. साध्या शिपायांना मात्र वाळवंटातून पायी चालवले गेले. अनेक हिंदुस्थानी कैद्यांना रास अल-ऐन इथे रेल्वेच्या कामाला जुंपले. हजारो कैदी परतलेच नाहीत.

नाव आणि नंबर

गोल्ट्झ यांची कबर इस्तंबूलच्या तराब्या भागात, जर्मन वकिलातीच्या बागेत आहे. आपल्या शिपायांचे काय? बसऱ्याच्या स्मारकावर अधिकाऱ्यांची नावे कोरली गेली, साध्या हिंदुस्थानी शिपायांचा मात्र पलटणीनुसार फक्त आकडा लिहिला गेला.

म्हणून वाचकांना एक विनंती. घरातल्या जुन्या ट्रंकेत त्या काळातले एखादे पदक असेल तर भंगारात देऊ नका. त्याची कड नीट पाहा. तिथे बहुधा शिपायाचा नंबर, नाव आणि पलटण कोरलेली असते. ते वहीत उतरवून घ्या आणि मुलांना सांगा. सेनापतींवर पुस्तके लिहिली गेली आहेत. आपल्या माणसांची नावे आपणच जपायची आहेत.