भागीदारी मोडली, तरी जबाबदारी उरतेच

पुणे-सोलापूर महामार्गावरील डाळज, भिगवण, इंदापूर या पट्ट्यात हॉटेल, मासळी वा शेतमालाचा व्यापार भागीदारीत सुरू करणे नवे नाही. मात्र असा व्यवसाय मुदतीपूर्वीच मोडला, की 'तुझे तू, माझे मी' म्हणून हात झटकण्याकडे कल असतो. भारतीय भागीदारी अधिनियम, १९३२ला हे मान्य नाही. हिशेब पूर्ण होईपर्यंत भागीदार एकमेकांना बांधील राहतात.

मुदत ठरली असेल तर
मुदतच ठरलेली नसेल आणि करारात विसर्जनाची वेगळी तरतूद नसेल, तर ती इच्छाधीन भागीदारी ठरते. अशी भागीदारी कोणीही भागीदार इतरांना लेखी नोटीस देऊन संपवू शकतो (कलम ४३). ठराविक मुदतीच्या भागीदारीत ही वाट खुली नसते. तेथे सर्वांची संमती वा करारातील तरतूद हवी. अन्यथा न्यायालयात जावे लागते. गैरवर्तन, कराराचा वारंवार भंग, व्यवसाय तोट्यातच चालण्याची खात्री ही त्यासाठीची काही कारणे आहेत (कलम ४४).

प्रवेशाची रक्कम
भागीदारीत प्रवेशासाठी भांडवलाव्यतिरिक्त दिलेल्या रकमेस अधिमूल्य म्हणतात. समजा, पाच वर्षांच्या भागीदारीसाठी कोणी एक लाख रुपये अधिमूल्य दिले आणि दोन वर्षांतच संस्था विसर्जित झाली, तर कराराच्या अटी व उलटलेला काळ पाहून वाजवी परतावा मागता येतो (कलम ५१). मात्र भागीदाराचा मृत्यू झाल्यास, विसर्जन मुख्यतः अधिमूल्य देणाऱ्याच्याच गैरवर्तनामुळे झाल्यास, किंवा विसर्जनाच्या करारात परताव्याची तरतूद नसल्यास हा हक्क राहत नाही.

हिशेबाचा क्रम
वेगळा करार नसल्यास कलम ४८ नुसार प्रथम बाहेरील देणी, मग भागीदारांनी भांडवलाखेरीज दिलेल्या उचली, नंतर भांडवल आणि उरल्यास नफ्याच्या प्रमाणात वाटप, असा क्रम आहे. तोटा आधी नफ्यातून, मग भांडवलातून आणि तरीही न भागल्यास भागीदारांच्या खिशातून भरावा लागतो. व्यवहार पूर्ण मिटेपर्यंत संस्थेच्या नावाने तसाच धंदा करण्यास वा तिची मालमत्ता स्वतःसाठी वापरण्यास इतर भागीदार मनाई मिळवू शकतात (कलम ५३).

जाहीर सूचना विसरू नका
विसर्जनाची जाहीर सूचना दिली नाही, तर एका भागीदाराच्या नंतरच्या व्यवहारांसाठीही सर्वजण त्रयस्थांना जबाबदार राहतात (कलम ४५). नोंदणीकृत संस्थेने निबंधकांना कळवून राजपत्रात व स्थानिक भाषेतील वृत्तपत्रात सूचना प्रसिद्ध करावी लागते.

नोंदणी नसेल तर?
महाराष्ट्राने १९८४च्या दुरुस्तीने कलम ६९ (२अ) घालून नोंदणी नसलेल्या संस्थेच्या भागीदारांना विसर्जन वा हिशेबासाठी दावा करण्यास मनाई केली होती. स्वतःचेच भांडवल परत मागण्याचा मार्ग त्यामुळे बंद झाला होता. सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये ही तरतूद घटनाबाह्य ठरवली. त्यामुळे अशा भागीदारांनाही आता हिशेबासाठी दाद मागता येते.

मात्र हा हक्क कायमचा नाही. विसर्जित संस्थेचा हिशेब व नफ्यातील वाटा मागण्याचा दावा विसर्जनाच्या तारखेपासून तीन वर्षांत दाखल करावा लागतो. म्हणूनच भागीदारी मोडताना तारीख, येणी-देणी व मालमत्ता यांची लेखी नोंद सर्वांच्या सह्यांनिशी करून ठेवणे हिताचे ठरते.