लिलाव कोर्टाचा की तहसीलचा?

शिरूर-बारामतीकडच्या कोर्टांत दरखास्तीची, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची, कामं करण्यात माझी हयात गेली. लिलावात जमीन गेलेला माणूस समोर बसला की सगळं सांगतो: भाऊबंदकी, बोली कुणी लावली, दवंडी खरंच पिटली की नुसती कागदावर. मी आधी एवढंच विचारायचो, “दादा, लिलाव कोर्टाचा की तहसीलचा?” त्याला ते वकिली खुसपट वाटायचं. पण आमच्या मुलखात दीडशे वर्षं जमिनीचा निकाल या प्रश्नावर लागत आला आहे.

१२ मे १८७५ ला सुप्याच्या बाजारात सावकारांविरुद्ध दंगा उसळला. लोकांनी घरदारापेक्षा आधी कागद जाळले: कर्जरोखे, दस्त, हुकूमनामे. त्याआधी डिसेंबर १८७४ मध्ये शिरूर तालुक्यातल्या करडे गावी कोर्टाच्या हुकूमनाम्यावरून एका देशमुखाचं घर सावकाराच्या हाती गेलं होतं आणि गावानं सावकारांवर बहिष्कार घातला होता. अमेरिकेतल्या यादवीत कापसाला आलेला भाव युद्ध संपताच कोसळला, जमिनीचा सारा मात्र वाढला, हे कारण शाळेच्या पुस्तकातही असतं. वकिलाची नजर दुसरीकडे जाते. १८५९ च्या मुदतीच्या कायद्यानं साध्या रोख्याला तीन वर्षांची मुदत घातली. हेतू कुळाला जपण्याचा होता. सावकारानं दर तीन वर्षांनी व्याज मुदलात मिळवून नवा रोखा लिहून घ्यायला सुरुवात केली. मग फिर्याद, कुळ गैरहजर, एकतर्फी हुकूमनामा, दरखास्त, लिलाव. दिवाणी कोर्टाचा अधिकार इथे पुरेपूर होता आणि दुखणंही तेच होतं. मुन्सफ रोख्यावरचा अंगठा पाहायचा. रोख्यामागचा हिशेब उकरण्याचं त्याच्यावर बंधन नव्हतं.

म्हणून १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला, पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या जिल्ह्यांसाठी. त्यानं कोर्टाला रोख्याच्या पाठीमागे जाऊन मुळापासून हिशेब बघायला लावलं. जमीन खास गहाण दिलेली नसेल, तर शेतकऱ्याची जमीन हुकूमनाम्यात विकायला बंदी केली. न्यायमूर्ती रानड्यांनी याच कायद्याखाली विशेष न्यायाधीश म्हणून काम पाहिलं. कायदा चांगलाच होता, पण सावकार त्याहून हुशार निघाला. गहाणखत सोडून त्यानं सरळ खरेदीखत लिहून घ्यायला सुरुवात केली. पैसे फेडल्यावर जमीन परत, हा करार नुसता तोंडी. लिलावच नाही, तर लिलावाला हरकत कसली घेणार? अशा खताचा खरा हेतू तोंडी पुराव्यानं दाखवायची मुभा पुढं दुरुस्ती करून द्यावी लागली.

दुसरा लिलाव तहसीलचा: साऱ्याच्या बाकीचा, म्हणजे सरकारचा. कारवारकडच्या जमीनदारांनी साऱ्याच्या वाढीवरून सरकारला कोर्टात खेचलं होतं. १८७६ मध्ये मुंबई महसूल अधिकारिता कायदा झाला आणि महसुलाच्या प्रश्नांवर दिवाणी कोर्टाला कुलूप लागलं. महसूल बाकीपोटी झालेली विक्री अनियमितता, चूक किंवा दुसऱ्या कोणत्याही कारणानं रद्द करून मागण्याचा दावा कोर्टानं ऐकायचा नाही. अपवाद एकच, कपट. माझ्या मते सगळी मेख इथं आहे. नोटीस चुकीच्या घरी लावली ही चूक. ती मुद्दाम लावली हे कपट. पहिलं दाखवायला पंचनामा पुरतो, दुसरं दाखवायला माणसाच्या मनात शिरावं लागतं. ते ओझं ज्याची जमीन गेली त्याच्याच खांद्यावर.

बरं, कोर्टाच्या लिलावात तरी सगळं सोपं होतं असं नाही. मुंबई इलाख्यातून लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेलेला, १९०० मध्ये निकाली निघालेला मलकार्जुन विरुद्ध नरहरी हा खटला जुने वकील अजून काढतात. ऋणको मेला. दरखास्तीत वारस म्हणून भलत्यालाच नोटीस गेली. मी वारस नाही, असं तो ओरडून सांगत असताना कोर्टानं लिलाव पुरा केला. खरे वारस पुढं गहाण सोडवायला आले, तेव्हा लंडनहून उत्तर आलं: कोर्टाला अधिकार होता, त्यानं तो चुकीचा वापरला, म्हणून विक्री मुळातच रद्दबातल ठरत नाही. ती रद्द करून घ्यायला वर्षाची मुदत होती, ती गेली. मला हा निकाल कायद्याच्या दृष्टीनं पटतो आणि माणूस म्हणून खुपतो. पण तो टिकला.

मधल्या काळात शेतजमिनीच्या विक्रीचे हुकूमनामे अंमलबजावणीला कलेक्टरकडे पाठवायची तरतूदही होती. १९५६ मध्ये ती गेली. दवंडीचा नियम मात्र दिवाणी संहितेत अजून आहे.

तेव्हा नोटीस हातात आली की आधी वरचं नाव वाचा. कोर्टाच्या लिलावात ठळक अनियमितता किंवा कपट झालं असेल, तर त्याच दरखास्तीत साठ दिवसांच्या आत अर्ज करा. वेगळा दावा चालणार नाही. महसूल बाकीचा लिलाव असेल, तर अर्ज कलेक्टरकडे आणि मुदत तीसच दिवस. दिवस विक्रीच्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळल्यापासून नव्हे.