घाईचे प्रेम
ना. सी. फडके यांची ‘जादूगार’ ही कादंबरी १९२८ ची. त्याच्या आदल्याच वर्षी महाडला चवदार तळ्याच्या पाण्यासाठी आमच्या माणसांनी मार खाल्ला होता. आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर मी. त्या वळणाच्या प्रणयकथा कॉलेजात वाचताना मला प्रश्न पडे : नायक-नायिका इतकी झटपट प्रेमात कशी पडतात? आज वर्गात शिकवताना उत्तर सापडते. वस्ती, पाणवठा, जात हे अडथळे लेखकाने आधीच वगळलेले असतात. जातीतच लग्न करण्याचे बंधन हा जातिसंस्थेचा प्राण, हे बाबासाहेबांनी १९१६ च्या निबंधात दाखवले. हे प्रेम त्या बंधनाला हात लावत नाही. म्हणून त्याला वेळही लागत नाही. बंधन तोडणाऱ्या प्रेमाला घाई परवडत नाही. ती कथा आपणच लिहायची आहे.