कंवल रेखी : चांगला इंजिनिअर, पण...

सिलिकॉन व्हॅलीतल्या देशी मंडळींचा विषय निघाला की सहसा विनोद खोसला नाहीतर हॉटमेलवाला सबीर भाटिया, यांच्यापासून सुरुवात होते. मला मात्र त्यात कंवल रेखी जास्त महत्त्वाचे वाटतात. त्यांनी पैसा कमावला म्हणून नाही. कमावल्यावर तो कुठे घातला म्हणून.

१९४५ साली रावळपिंडीत जन्म. फाळणीनंतर कुटुंब कानपूरला आलं. १९६७ साली पवईच्या आयआयटीतून इलेक्ट्रिकलची डिग्री, मग मिशिगन टेकला मास्टर्स. अमेरिकेने १९६५ मध्ये देशनिहाय कोटा रद्द केल्यामुळे आपल्या इंजिनिअरांना दार उघडलं होतं खरं, पण आत नोकरी टिकेल याची हमी कोण देणार? सुरुवातीच्या काही वर्षांतच रेखींना तीनदा ले-ऑफ मिळाला. (बेंचवर बसलं की आमच्या पोटात गोळा येतो, त्या हिशेबाने हे भलतंच.) शेवटी ते कॅलिफोर्नियात आले.

१९८२ साली त्यांनी दोन भारतीय मित्रांबरोबर एक्सेलान काढली. तेव्हाच्या मशीनचा प्रोसेसर इतका लुळा की नेटवर्किंगचं सॉफ्टवेअर चढवलं की बाकीची कामं बोंबलायची. एक्सेलानने इथरनेट कार्डावरच वेगळा प्रोसेसर बसवला आणि टीसीपी/आयपी त्यावर चालवलं. आज ज्याला आपण ऑफलोड म्हणतो, तेच हे. १ जानेवारी १९८३ ला अर्पानेट टीसीपी/आयपीवर आलं, पण आयबीएम, डेक, झेरॉक्स सगळे आपापलं घोडं दामटत होते. त्या काळात यावर पैज लावणं सोपं नव्हतं.

गंमत पुढे आहे. कंपनी यांनी काढली, पण बोर्डाने सीईओ बाहेरून आणला. भारतीय माणूस इंजिनिअर झकास, मॅनेजमेंट त्याचं काम नव्हे, असा तेव्हा सरसकट समज होता. पुढे सूत्रं रेखींच्या हातात आली, १९८७ मध्ये शेअर नॅसडॅकवर गेला आणि १९८९ मध्ये नॉव्हेलने २० कोटी डॉलरच्या वर मोजून कंपनी घेतली.

नॉव्हेलमध्ये ते सीटीओ झाले. पण १९९४ साली सीईओची खुर्ची रिकामी झाली तेव्हा एचपीतून बॉब फ्रँकनबर्गना आणलं गेलं. पुढच्या वर्षी रेखी बाहेर पडले. नेटवेअरमध्ये टीसीपी/आयपी मुळापासून यायला १९९८ उजाडलं, तोवर नॉव्हेलची गाडी सुटली होती. असो.

इथून पुढचे रेखी मला खरे इंटरेस्टिंग वाटतात. १९९२ साली व्हॅलीतल्या काही जणांनी 'टाय' ही संस्था काढली होती. तिचे पहिले अध्यक्ष सिरस लॉजिकचे सुहास पाटील, आणि रेखीही संस्थापकांपैकीच. नवख्या देशी इंजिनिअरला ओळख नसते, तर ती आपण करून द्यायची, इतका साधा हिशेब. के. बी. चंद्रशेखर आणि बी. व्ही. जगदीश यांच्या एक्झोडसमध्ये रेखींनी पैसे घातले, चेअरमनही झाले. माझ्या मते त्या चेकच्या रकमेपेक्षा खालची सही मोठी होती. जो माणूस स्वतः कंपनी बाजारात नेऊन आलाय त्याने भरवसा टाकला, म्हटल्यावर बाकीचे व्हीसी निदान फोन तरी उचलतात. ॲनाली सॅक्सेनियन यांच्या १९९९ च्या अभ्यासानुसार १९८० ते १९९८ मध्ये व्हॅलीत सुरू झालेल्या टेक कंपन्यांपैकी ७७४, म्हणजे ७ टक्के, भारतीय चालवत होते.

सगळं गोड नव्हतं. १९९८ ला बाजारात आलेली एक्झोडस डॉटकॉमच्या फुग्यात आभाळाला टेकली आणि सप्टेंबर २००१ मध्ये दिवाळखोरीत गेली. शिवाय हे ओळखीचं जाळं म्हणजे बहुतांशी आयआयटीवाले आणि पुरुषच. गोऱ्यांच्या क्लबबाहेर आपण आपला क्लब काढला, असं कोणी म्हणालं तर मला फारसं उत्तर सुचत नाही.

पुढे रेखींनी इन्व्हेंटस कॅपिटल काढली. २००६ मध्ये बंगळुरात तीन इंजिनिअर पोरांनी रेडबस सुरू केलं. त्यांना आधी टायच्या बंगळूर शाखेने मेंटर दिले, नंतर इन्व्हेंटसने पैसे घातले. २०१३ साली ती कंपनी विकली गेली. दिवाळीला बंगळूरहून पुण्याला यायचं तिकीट मी अजून तिथूनच काढतो.